नागपाड्याचं कोर्ट

युरोपातल्या मातब्बर क्लबांची बास्केटबॉल स्पर्धा म्हणजे युरोलीग. 2025-26 च्या हंगामात तिच्यात दुबईचा क्लब उतरला आणि ही स्पर्धा आखाताच्या दारात आली. दुबईपर्यंत आलेली स्पर्धा मुंबईत कधी येणार, हा प्रश्न इथल्या चाहत्यांच्या मनात येणं साहजिक आहे. त्याचं उत्तर पैशात आणि स्टेडियममध्ये शोधलं जातं. खरं तर ते भायखळ्याजवळच्या नागपाड्यात शोधायला हवं.

बास्केटबॉलचा जन्म डिसेंबर 1891 चा. अमेरिकेतल्या स्प्रिंगफिल्ड गावी वायएमसीएच्या प्रशिक्षण शाळेत जेम्स नेस्मिथ या शिक्षकाने व्यायामशाळेच्या सज्जाला पीचच्या दोन टोपल्या ठोकल्या आणि 13 नियम लिहून काढले. टोपल्यांना बूड होतं. गोल झाला की कुणीतरी शिडी लावून वर चढायचं आणि चेंडू काढून द्यायचा. तो सज्जा दहा फुटांवर होता, म्हणून आजही रिंग दहा फुटांवरच असते. नांदेडजवळच्या विष्णुपुरीत असो, नाहीतर माद्रिदमध्ये.

भारतात हा खेळ वायएमसीएमुळेच रुजला. हॅरी क्रो बक यांनी 1920 मध्ये मद्रासला शारीरिक शिक्षणाचं कॉलेज काढलं आणि तिथून शिकून गेलेल्या शिक्षकांनी तो गावोगावच्या शाळांत नेला. 1934 मध्ये दिल्लीत पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली. राष्ट्रीय महासंघ मात्र 1950 उजाडल्यावर आला.

मुंबईत या खेळाने वेगळीच वाट धरली. अमेरिकन मराठी मिशनचे क्लिफर्ड मॅनशार्ट यांनी 1920 च्या दशकात नागपाड्यात ‘नेबरहुड हाउस’ उभं केलं. गिरण्या-गोद्यांत राबणाऱ्यांच्या वस्तीत समाजसेवेचं केंद्र, हा त्यामागचा विचार. 1936 मध्ये टाटांची समाजकार्याची शाळा इथेच सुरू झाली. आज जी ‘टिस’ म्हणून देशभर ओळखली जाते, ती हीच. त्याच नेबरहुड हाउसमुळे गल्लीतल्या पोरांच्या हाती बास्केटबॉल आला.

आणि मग तो त्यांनी सोडलाच नाही. बाकी मुंबई क्रिकेटवेडी असताना नागपाड्याची पोरं ड्रिबल करत मोठी झाली. वस्तीतल्या मैदानाला बच्चू खान यांचं नाव आहे. त्यांनी इथल्या पोरांना खेळ शिकवला. याच मोहल्ल्यातले अब्बास मुंतसिर भारताचे कर्णधार झाले आणि 1970 मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. थोरला खेळतो, धाकटा कडेला उभा राहून बघतो आणि वर्षा-दोन वर्षांत स्वतः कोर्टात उतरतो. क्लब असाच घडतो. महाराष्ट्रात या खेळाचा याहून अस्सल क्लब शोधून सापडणार नाही.

मग अडलं कुठे? चांगला खेळाडू तयार झाला की त्याला पोट भरायला नोकरी लागते आणि नोकरी देणार रेल्वे, पोलीस, ओएनजीसी, बँका. देशातला वरच्या दर्जाचा बास्केटबॉल दशकानुदशकं या खात्यांच्या संघांनीच सांभाळला. त्यांचे उपकार मोठे आहेत, पण खात्याच्या संघाला मोहल्ला नसतो. युरोपातही सुरुवात काहीशी अशीच होती: 1958 मध्ये क्लबांचा पहिला युरोपीय चषक रिगाच्या लष्करी क्लबने जिंकला आणि पुढची दोन वर्षंही तो त्यांच्याकडेच राहिला. पण तिथे शहरं आपापल्या क्लबांच्या पाठीशी उभी राहिली आणि स्पर्धा वाढत गेली.

आपल्याकडे लीग वरून खाली आणायचे प्रयत्न झाले. 2015 मध्ये सुरू झालेल्या यूबीए लीगमध्ये ‘मुंबई चॅलेंजर्स’ आणि ‘पुणे पेशवाज’ होते; 2017 नंतर ती बंद पडली. ऑक्टोबर 2019 मध्ये वरळीच्या डोममध्ये एनबीएचे दोन संघ खेळले. त्यातल्या सॅक्रामेंटो किंग्जचे मालक विवेक रणदिवे जन्माने मुंबईकर. पहिला सामना जादा वेळेत गेला आणि इंडियाना पेसर्सने तो 132-131 असा, एका गुणाने, मारला. प्रेक्षकांत हजारो शाळकरी मुलं होती. त्या मुलांना दुसऱ्या दिवशी खेळायला कोर्ट कुठे, हा प्रश्न मात्र तसाच राहिला.

मराठवाड्यात तो अधिकच टोचतो. विष्णुपुरीत 1981 पासून अभियांत्रिकी महाविद्यालय आहे आणि 1994 पासून स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ. नांदेड, लातूर, परभणी, हिंगोलीची मुलं इथे शिकतात. पण कॉलेज सुटलं की संघ सुटतो, कारण गावात परतल्यावर खेळायला क्लबच नसतो. नागपाड्यात शंभर वर्षांपूर्वी एका संस्थेने आपलं अंगण वस्तीला मोकळं करून दिलं होतं. नांदेड-लातूरच्या शाळा-महाविद्यालयांनी संध्याकाळचे दोन तास आपली कोर्टं आसपासच्या पोरा-पोरींसाठी उघडावीत आणि माजी खेळाडूंनी तिथे उभं राहावं, एवढी सुरुवात यंदाच करता येईल.