डायरेक्ट, इनडायरेक्ट आणि विसरलेलं अल्कोहोल

एलएफटीच्या, म्हणजे यकृताच्या तपासणीच्या, रिपोर्टात बिलिरुबिनच्या तीन ओळी असतात : टोटल, डायरेक्ट, इनडायरेक्ट. घरचे टोटलचा आकडा बघून धास्तावतात. डॉक्टर मात्र खालच्या दोन ओळी आधी वाचतात. या दोन ओळी वेगळ्या झाल्या त्या प्रयोगशाळेतल्या एका विसराळूपणामुळे.

या तपासणीचं मूळ रसायन पाउल एर्लिख यांचं. सल्फानिलिक आम्ल आणि सोडियम नायट्राइट यांच्या आम्लधर्मी द्रावणात बिलिरुबिन मिसळलं की रंग उमटतो, हे त्यांनी १८८३मध्ये दाखवलं. पुढे नेदरलँड्सचे डॉक्टर हायमान्स फान देन बर्ग यांनी ते सीरमसाठी वापरलं. सीरममध्ये आधी अल्कोहोल घालायचं, मग हे रसायन, अशी त्यांची रीत. एकदा पित्त तपासताना अल्कोहोल घालायचं राहूनच गेलं, तरी रंग लगेच चढला! मग म्यूलर या सहकाऱ्याबरोबर त्यांनी कावीळ झालेल्यांचं सीरम तसंच तपासलं. पित्तनळी तुंबलेल्यांच्या सीरममध्ये रंग थेट आला. रक्तपेशी फुटून कावीळ झालेल्यांच्या सीरमला मात्र अल्कोहोल लागलंच. १९१६ साली ‘डायरेक्ट’ आणि ‘इनडायरेक्ट’ ही नावं पडली ती अशी.

असं का होतं, याचा उलगडा व्हायला चाळीस वर्षं लागली. तांबड्या पेशी साधारण १२० दिवसांनी मोडतात आणि त्यांच्या हिमोग्लोबिनपासून बिलिरुबिन बनतं. ते पाण्यात विरघळत नाही, म्हणून अल्ब्युमिनला चिकटून यकृतापर्यंत जातं. यकृत त्याला ग्लुकुरोनिक आम्ल जोडतं. मग ते विरघळतं आणि पित्तावाटे बाहेर पडतं. रुडी श्मिड, तालाफांट, बिलिंग आणि लेथ यांच्या संशोधनातून १९५६-५७मध्ये हे स्पष्ट झालं. जोडणी झालेलं ते डायरेक्ट, न झालेलं ते इनडायरेक्ट.

म्हणून टोटल ३ असलेले दोन रिपोर्ट सारखे नसतात. एकात डायरेक्ट २.४ असेल, तर यकृताची सूज किंवा पित्तनळीतला खडा शोधायला सोनोग्राफी होते. दुसऱ्यात डायरेक्ट ०.४च असेल, तर रक्तपेशी फुटतायत का हे कळायला सीबीसी आणि रेटिक काउंट या रक्ताच्या तपासण्या बघतात. विदर्भात किंवा नंदुरबारकडे सिकलसेलची शंकाही घेतात. रक्त ठीक निघालं, तर बहुधा गिल्बर्ट सिंड्रोम : जोडणी जन्मतःच थोडी मंद, उपास घडला की आकडा वाढतो, पण सहसा औषध लागत नाही.

आणि इनडायरेक्ट? ते आजही बहुतेक लॅब वेगळं मोजत नाहीत. टोटलमधून डायरेक्ट वजा करून लिहितात.