बावीस तासांचा दिवस

लोणारच्या विवरात तुम्ही उतरला आहात. दिवस कलला आहे. वर कड्याशी धारेचं गोडं पाणी अखंड पडतं आहे आणि खाली खाऱ्या तळ्याच्या काठाला हिरवट साय धरली आहे. चिखलात पाय रुतवून तुम्ही त्या सायीत बोट बुडवता. बोटावर आलेल्या थेंबात निळ्या-हिरव्या जीवाणूंचे असंख्य धागे आहेत. उन्हावर जगणारं हे कूळ. ऊन कधी येणार, कधी जाणार, याचा अंदाज त्यातल्या अनेकांना आधीच असतो.

आता आणखी आत चला. हातपाय, वजन, श्वास सगळं काठावर राहू द्या. पेशीच्या भिंतीपलीकडे दाट हिरव्या उजेडात एक इवलं रीळ फिरतं आहे. ही कालकणिका. कुठल्याही क्रमिक पुस्तकात ती सापडणार नाही, कारण मी ती कल्पनेने घडवली आहे. पृथ्वीची एक गिरकी पुरी झाली की कालकणिका स्वतःभोवती कांद्याच्या पापुद्र्याहून तलम असा एक वेढा घेते. पेशी दुभंगली की रीळही उभं चिरतं, आणि दोन्ही लेकींच्या वाट्याला सगळे वेढे येतात. तुमच्यासमोरच्या रिळात आजवरचा प्रत्येक दिवस आहे. एकही गळलेला नाही.

तिच्या शेजारचं घड्याळ मात्र खरं आहे. काई-ए, काई-बी, काई-सी अशी तीन प्रथिनं. जपानी भाषेत काई म्हणजे फेरा. २००५ साली नागोयात ही प्रथिनं पेशीतून वेगळी काढून, एटीपी हे पेशीचं इंधन घालून परीक्षानळीत ठेवली. नळीत पेशी नव्हती, जनुकं नव्हती. तरीही काई-सीवर फॉस्फेट चढत राहिलं, उतरत राहिलं, साधारण २४ तासांच्या लयीत. आणि या कामाला काई-सीचा एक रेणू दिवसाकाठी खर्च करतो जेमतेम १५ एटीपी! उबदार पाण्यात त्याची घाई होत नाही, गार पाण्यात तो रेंगाळत नाही. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी बराच वेळ पुढचं पान उलटलं नव्हतं.

रिळाचं टोक धरा आणि ओढा. वेढे सुटू लागतात तशी पोटात भूक खवळते. उलगडण्याचं इंधन तुमच्याच अंगातून जातं आहे.

१७२९, फ्रान्स. बंद काळोख्या जागेत तुमच्या हाताला लाजाळूचं रोप लागतं. लहानपणी पायवाटेवर बोट लावून मिटवलेलं तेच. झां-झाक द मेरां या खगोलशास्त्रज्ञाने ते उजेडापासून दूर ठेवलं आहे. बाहेर उजाडतं. आत एक किरणही नाही, तरी तुमच्या तळव्याखाली पानं हळूहळू उघडू लागतात.

थांबू नका. वेढे आता भराभर सुटतात, माणसाची चाहूल केव्हाच मागे पडली. समुद्र. कोमट, उथळ, सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीचा. शिंगाच्या आकाराच्या प्रवाळावरून बोट फिरवा. केसाएवढ्या बारीक रेषा लागतील, दिवसाला एक. १९६३ साली जॉन वेल्स यांनी अशा जीवाश्मांवरच्या रेषा मोजल्या, तेव्हा वर्षाला सुमारे ४०० भरल्या. वर्ष आजच्याएवढंच, म्हणजे दिवस आखूड. बावीस तासांचा.

इथे काही दिवस राहा. पहिल्या संध्याकाळी फक्त दिवेलागण लवकर झाल्यासारखं वाटतं. दुसऱ्या दिवशी झोप पुरी होण्याआधी ऊन डोळ्यांवर येतं. तुमचं शरीर चोवीस तासांचा हट्ट सोडत नाही आणि रोज दोन तासांनी मागे पडतं. सहाव्या दिवशी भर मध्यरात्री तुम्हाला दुपारच्या जेवणाची भूक लागते. आजूबाजूला सगळं निजलेलं आहे आणि तुम्ही एकटे टक्क जागे.

अशा परकेपणाची किंमत किती, हे १९९८ साली जीवाणूंवर तपासून झालं आहे. आखूड आणि लांब घड्याळाचे वाण एकाच पात्रात वाढवले. अकरा तास उजेड, अकरा तास अंधार असा क्रम ठेवला, तेव्हा आखूड घड्याळवाल्यांनी पात्र भरून टाकलं. पंधरा-पंधरा तासांचा क्रम लावला, तेव्हा लांबवाले जिंकले. वेगवेगळे वाढवले की मात्र दोघेही सारखेच जोमदार. उणं कुणातच नव्हतं. ज्याचा फेरा बाहेरच्या फेऱ्याशी जुळला, त्याला जागा मिळाली. प्रवाळांच्या समुद्रात ती जागा तुमची नाही.

अजून एक ओढ. १४० कोटी वर्षं मागे. इथे छातीत हवा भरून घेऊ नका, तिच्यात तुमच्यापुरता प्राणवायू नाही. जमीन उघडी, ना गवत ना किडा. उथळ पाण्यात जीवाणूंच्या थरांनी रचलेल्या उशांसारख्या शिळा आहेत. दिवस सुमारे १८.७ तासांचा. क्षितिजावर चंद्र येतो, आणि तो नेहमीपेक्षा मोठा दिसतो, कारण तो खरोखरच जवळ आहे. त्याच्या ओढीने भरती-ओहोटी होते, तिच्या घर्षणाने पृथ्वीची गिरकी मंदावते आणि चंद्र दूर सरकतो. आजही वर्षाला ३.८ सेंटीमीटर. तुमच्या हातातल्या रिळावरचा प्रत्येक वेढा आतल्या वेढ्याहून कणभर लांब का, ते इथे उभं राहून डोळ्यांना दिसतं.

भूक आता सोसवत नाही. टोक सोडा.

वेढे पुन्हा चढतात. प्रवाळ, लाजाळू, धारेचा आवाज. तुम्ही चिखलात उभे आहात, पावलं गारठली आहेत, आणि विवरावर पहाटेपूर्वीचा गच्च काळोख आहे. सूर्य उगवायला अजून बराच अवकाश. काठच्या हिरव्या सायीत मात्र सकाळची तयारी सुरू झाली आहे.