सुरतेचा गारवा

आमच्या आईला मधुमेह होता. सत्तरच्या दशकात खान्देशातल्या आमच्या छोट्या गावी इन्सुलिन मिळत नसे. उधन्याच्या गिरणीत कामाला असलेले मामा ते सुरतेहून आणून देत. बाटली थर्मासात, थर्मासात बर्फाचे खडे, आणि तापी व्हॅली रेल्वेच्या त्या रेंगाळणाऱ्या गाडीत थर्मास मामांच्या मांडीवर. घरी आल्यावर बाटली एका छोट्या डब्यात जाई आणि डबा माठाखालच्या ओल्या वाळूत. गावात फ्रीज दोनच होते. एक पेढीवाल्या शेठजींकडे, दुसरा सरकारी दवाखान्यात, आणि दवाखान्यातला बहुधा बंद असे. सरकारदरबारी मात्र फ्रीज ही चैनीची वस्तू होती आणि चैनीच्या वस्तूवर भरायचा तसा भरपूर कर त्यावर भरावा लागे. ओल्या वाळूतली ती बाटली पाहिली की 'चैन' या शब्दाचा अर्थ मला तेव्हाही कळत नसे.

पुढे या विषयाच्या मागे लागलो तेव्हा ध्यानात आले, की गारव्याचा व्यापार आपल्या या सीमाभागाला नवा नाही, आणि त्याची वाट पुन्हा पुन्हा सुरतेवरूनच जाते.

मराठी माणसाला सुरत आठवते ती १६६४ आणि १६७० च्या स्वाऱ्यांमुळे. महाराजांनी ज्या पेठेवर हात टाकला तिथे काय काय येत-जात होते, याकडे आपण फारसे बघत नाही. कापड आणि नीळ हे तर झालेच. पण त्या काळी गुजरातेतून आणि आग्र्याकडून सुरतेला आणखी एक पांढरा जिन्नस येत असे, तो म्हणजे सोरा. इंग्रजांचे 'हेक्टर' जहाज १६०८ साली सुरतेच्या बाऱ्यावर आले आणि पुढच्या पाच वर्षांत त्यांची वखार इथे उभी राहिली. वखारवाल्यांना सोरा हवा होता तो दारूगोळ्यासाठी. आपल्याकडच्या सरदार-उमरावांना तो आणखी एका कामासाठी लागे: पाणी गार करण्यासाठी.

ती कृती अबुल फझलने 'आईन-इ-अकबरी'त नोंदवून ठेवली आहे. जस्ताच्या किंवा रुप्याच्या सुरईत शेरभर पाणी घालून तोंड बंद करावे. दुसऱ्या भांड्यात पाच शेर पाणी घेऊन त्यात अडीच शेर सोरा टाकावा आणि त्या मिश्रणात सुरई पाव तास फिरवीत राहावे. सोरा विरघळताना भोवतीची उष्णता शोषून घेतो, म्हणून सुरईतले पाणी गार होते. नंतर ते खारे पाणी आटवले की सोरा परत हाती येतो. म्हणजे कारभार काटकसरीचा होता. पण ती काटकसर ज्याच्या घरी आबदारखाना आणि सुरई फिरवायला नोकर, त्याची. बादशहाचा मुक्काम पंजाबात गेल्यावर डोंगरातून बर्फही येऊ लागला. बाकीच्या प्रजेला माठ होता, वाळा होता आणि रात्रीचा वारा होता.

सोरा एतद्देशीय होता. गारवा परदेशाहून विकत आणण्याची कल्पना मात्र एका अमेरिकन माणसाची. बॉस्टनच्या फ्रेडरिक ट्यूडरने गोठलेल्या तळ्यांतला बर्फ कापून, लाकडाच्या भुशात दडपून जहाजाने विकायचा धंदा मांडला. १८३३ च्या मे महिन्यात त्याचे 'टस्कनी' जहाज सुमारे १८० टन बर्फ घेऊन निघाले आणि चार महिन्यांनी कलकत्त्याला पोचले, तेव्हा त्यातला शंभर टनांच्या आसपास शिल्लक होता. दोनदा विषुववृत्त ओलांडून निम्म्याहून अधिक माल टिकला, हीच त्या काळची नवलाई. कंपनी सरकारने त्या बर्फावरची जकात माफ केली. कारण उघड होते: बर्फ खाणारे साहेब लोकच होते. सत्ताधाऱ्याच्या पेल्यात पडणारा बर्फ ही गरज ठरते आणि गोरगरिबाच्या घरातला बर्फ ही चैन ठरते, या न्यायाचा हा आरंभ म्हणायला हरकत नाही.

पुढच्याच वर्षी, १८३४ मध्ये, असा बर्फ मुंबईस उतरला. तो मागवणारे गृहस्थ होते जहांगीर नसरवानजी वाडिया. वाडिया म्हणजे जहाजे बांधणारे, आणि त्यांचे मूळ सुरतेचे. लवजी नसरवानजी १७३६ साली सुरतेहून मुंबईला गेले ते गोदी बांधायला. त्याच सुमारास मुंबईत जमशेटजी जिजीभाईंनी एका मेजवानीत पाहुण्यांना आइस्क्रीम दिले. जमशेटजींचे बालपण गेले नवसारीला, म्हणजे सुरतेच्या शेजघरातच. त्या मेजवानीची कथा अशी सांगतात, की यजमान आणि पाहुणे दोघेही पडशाने आजारी पडले आणि 'मुंबई समाचार'ने, परक्यांची नक्कल करणाऱ्यांना बरी शिक्षा झाली, अशा अर्थाचा शेरा मारला. पुढे वर्गणी काढून १८४३ मध्ये मुंबईला घुमटाचे बर्फघर बांधण्यात आले. मुंबईचे ते बर्फघर आता नाही. मद्रासचे मात्र उभे आहे. १८९७ मध्ये विवेकानंद तिथे राहिले होते, म्हणून त्याला आज विवेकानंदांचे नाव आहे.

या गोष्टीत सुरत कुठे आहे? ती आहे तिच्या गैरहजेरीत. शंभर वर्षांपूर्वी असे जहाज आले असते तर ते सुरतेच्या बाऱ्यावर नांगर टाकते. पण तापीचे मुख गाळाने भरत गेले, व्यापार मुंबईने ओढून घेतला, आणि सुरतेची माणसेच मुंबईला जाऊन बर्फ मागवू लागली. बंदर गेले की बाहेरचा माल दुसऱ्याच्या हातून घ्यावा लागतो. ही गोष्ट आपल्या सीमेवरच्या गावांना वेगळी समजावून सांगायला नको.

बर्फाची आयात साठ वर्षेसुद्धा टिकली नाही. अमोनियावर चालणारी बर्फाची यंत्रे निघाली. कलकत्त्याला १८७८ साली बंगाल आइस कंपनी उभी राहिली आणि चार-पाच वर्षांत तिथला अमेरिकन बर्फ बंद झाला. त्यानंतर बर्फाचे कारखाने हळूहळू गावोगाव निघाले. १९०० साली तापी व्हॅली रेल्वे सुरतेहून अमळनेरपर्यंत आली आणि खान्देशचा आणि सुरतेचा नुसता कापसाचा नव्हे, रोजच्या संसाराचा संबंध जुळला. आमच्याकडे लग्नसराईत कुणीतरी सुरतेहून बर्फाची लादी आणायचा. गोणपाटात गुंडाळलेली, वर भुसा थापलेली. नवापूरच्या त्या फलाटावर, जिथे एकाच बाकावर बसलेला एक माणूस महाराष्ट्रात आणि दुसरा गुजरातेत असतो, गाडी थांबली की बर्फवाला खाली उतरून लादीवर पाणी तर सुटले नाही ना, ते चाचपून पाही. मराठीत बर्फ, गुजरातीत बरफ. वितळायचा वेग दोन्हीकडे सारखाच.

घरात ठेवायचा फ्रीज आला तो मात्र पुन्हा परदेशाहून. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास अमेरिकेत केल्व्हिनेटर आणि फ्रिजिडेअर ही नावे निघाली, १९२७ मध्ये जनरल इलेक्ट्रिकचे डोक्यावर यंत्र असलेले कपाट आले. आधीच्या यंत्रांतला वायू विषारी असे, तो गळला तर जिवावर बेतायचे. १९३० च्या आसपास फ्रीऑन निघाला आणि फ्रीज स्वयंपाकघरात ठेवण्याजोगा झाला. हिंदुस्थानात तो घेत कोण, तर संस्थानिक, साहेब, मोठे व्यापारी आणि हॉटेले. दुसऱ्या महायुद्धात आयात आटली. स्वातंत्र्यानंतर परवाने आले, आणि १९५७ च्या सुमारास परकीय चलनाची गंगाजळी इतकी खालावली, की परदेशी फ्रीज हे परवान्याच्या कागदातच अडकून पडू लागले. १९५८ मध्ये गोदरेजने जनरल इलेक्ट्रिकच्या सहकार्याने देशातला पहिला फ्रीज तयार केला. मागोमाग ऑल्विन, केल्व्हिनेटर ही नावे घराघरांत ओळखीची झाली.

याच काळात सुरतेपासून दीडशे किलोमीटरच्या आत एक निराळीच अर्थव्यवस्था नांदत होती. दमण १९६१ च्या डिसेंबरपर्यंत पोर्तुगीजांकडे होते. गोव्याचे आणि दमणचे राज्य आयातीवर जगणारे. भारताने १९५०-६० च्या दशकात त्याची आर्थिक नाकेबंदी केली, तेव्हा पोर्तुगिजांनी दारे आणखी सताड उघडली. गोव्याच्या खाणींतले लोहखनिज परदेशी जाई आणि त्याच्या पैशावर गाड्या, रेडिओ, दारू, फ्रीज असे सारे जगाच्या बाजारातून येई. स्वतःचे कारखाने जवळजवळ नव्हते. अलीकडे आपण स्वदेशी फ्रीजसाठी नंबर लावून बसलो होतो, आणि पलीकडच्या चिमुकल्या मुलखात तोच जिन्नस दुकानात उभा होता. दमणच्या किनाऱ्यावरून सोने, घड्याळे, परदेशी कापड चोरून इकडे येत असे, हे सर्वांना ठाऊक होते. पण घड्याळ बंडीच्या खिशात मावते, फ्रीज मावत नाही! म्हणून फ्रीजच्या बाबतीत सीमा खरोखरच सीमा राहिली. मुक्तीनंतर भारतीय जकात लागू झाली आणि ती उघडी बाजारपेठ मिटली. तिथल्या लोकांना स्वातंत्र्य मिळाले. त्याबरोबर आपले परवाने आणि आपल्या रांगाही मिळाल्या. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि इतिहास लिहिताना दोन्ही सांगाव्या लागतात.

बंद दरवाजाने आपले काय केले, याचा हिशेब सरळ नाही. त्याने देशात कारखाने उभे केले, कारागीर तयार केले. त्यानेच एक फ्रीज वीस-पंचवीस वर्षे चालवायची विद्या शिकवली. सुरतेत गॅस भरणारे, कॉम्प्रेसर उघडून पुन्हा बांधणारे, दरवाजाचे रबर बदलून देणारे मिस्त्री झाले. कापडबाजारातल्या शेठने नवा घेतला की जुना मिस्त्रीकडे येई, रंग मारून उभा राही, आणि उधना, लिंबायत, पांडेसरा भागातल्या आमच्या खान्देशी माणसाच्या खोलीत हप्त्याने जाई. यंत्रमागावर बारा तास उभे राहणाऱ्याच्या घरातले पहिले थंड पाणी बहुधा अशा दुसऱ्या हाताच्या फ्रीजमधले असे.

आमचा फ्रीजही तसाच आला. १९८१ साली मामांनी तो ट्रकवर चढवून पाठवला. दार जरा वाकलेले, त्याला सुतळी बांधावी लागे. आईने हळद-कुंकू वाहिले आणि सर्वांत आधी आत ठेवली ती इन्सुलिनची बाटली. मग शेजारच्या तीन घरांतली औषधे आली, एका बाळंतिणीचे दूध आले. संध्याकाळी पोरे बर्फाचा खडा मागायला दारात उभी. आई दोन भाषांत दटावी आणि एकाच हाताने देई.

दरम्यान सरकारलाही थंडाव्याची गरज निराळ्या वाटेने पटली होती. सुरतेचा 'सुमूल' दूध संघ १९५१ पासून खेड्यातले दूध शहरात आणत होता, आणि दूध गार केल्याशिवाय गवळ्याच्या हाती पैसा टिकत नाही, हे त्याने दाखवून दिले. १९८५ पासूनच्या सार्वत्रिक लसीकरणात शीतसाखळी हा शब्द आरोग्य केंद्रापर्यंत पोचला. लस कारखान्यातून बाळाच्या दंडापर्यंत गारच राहिली पाहिजे. तरी घरचा फ्रीज कराच्या यादीत चैनीचाच राहिला. १९९१ नंतर बाजार उघडला, १९९५ मध्ये व्हर्लपूलने केल्व्हिनेटर ऑफ इंडिया घेतली, कोरियन कंपन्या आल्या, धनत्रयोदशीला सुरतेच्या दुकानांपुढे टेम्पो उभे राहू लागले. २०१७ मध्ये नवा वस्तू व सेवा कर आला तेव्हाही फ्रीज सर्वांत वरच्या, २८ टक्क्यांच्या रांगेत होता. वर्षभराने, २०१८ च्या जुलैत, तो १८ टक्क्यांवर आला. अबुल फझलच्या सुरईपासून इथवर यायला सव्वाचारशे वर्षे लागली.

२००६ च्या ऑगस्टमध्ये उकाई धरणातून नऊ लाख क्युसेक्सच्या घरात पाणी सुटले आणि सुरतेचा बहुतेक भाग बुडाला. पाणी ओसरल्यावर रस्त्यांच्या कडेला गाद्या, धान्य आणि फ्रीज यांचे ढीग लागले होते. चिखलाने भरलेले, दारे उघडी पडलेले फ्रीज. हप्ते अजून फिटायचे होते असेही त्यांत कितीतरी. आठवडाभराने मी मामांकडे पोचलो. वीज नव्हती. तोवर मामीही इन्सुलिनवर आल्या होत्या. फ्रीज अंगणात उताणा पडला होता, म्हणून मी विचारले, "मामी, औषधाचं काय केलंत?"

त्यांनी वरच्या मजल्यावर नेले. कोपऱ्यात शेजाऱ्यांकडून आणलेला माठ होता, खाली परातीत ओली वाळू, आणि वाळूत स्टीलचा छोटा डबा.

"ताईंचं बघून ठेवलं होतं," त्या म्हणाल्या. "वाळू फक्त सुकू द्यायची नाही."