मंगळाची हाक ऐकणारे खोडद

अंतराळयान अवकाशात धाडणे जितके अवघड, तितकेच त्याचा क्षीण आवाज पृथ्वीवर टिपणेही अवघड असते. या कामासाठी अमेरिकेने गोल्डस्टोन, माद्रिद व कॅनबेरा येथे, तर भारताने बंगळुरूजवळ ब्यालालू येथे प्रचंड अँटेना उभारल्या आहेत. 2014 मध्ये मंगळाच्या कक्षेत पोहोचलेल्या मंगळयानाशी संपर्क साधला गेला तो ब्यालालूच्या 32 मीटर व्यासाच्या तबकडीवरून. मात्र, दूर अंतराळाच्या मोहिमांत महाराष्ट्रातील एका दुर्बिणीनेही कान लावून ठेवले होते, हे फारसे कोणाला ठाऊक नाही.

पुणे जिल्ह्यात नारायणगावजवळ खोडद येथे टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्राची महाकाय मीटरतरंग रेडिओ दुर्बीण, म्हणजेच 'जीएमआरटी' आहे. प्रत्येकी 45 मीटर व्यासाच्या 30 अँटेना सुमारे 25 किलोमीटरच्या परिसरात पसरल्या आहेत. लकडगंजहून निघून एवढे अंतर कापले, तर कामठी केव्हाच मागे पडेल! भरीव पत्र्याऐवजी दोरखंडासारख्या ताणलेल्या तारांवर बारीक तारांची जाळी बसविण्याची युक्ती डॉ. गोविंद स्वरूप यांची. त्यामुळे वजन घटले, वाऱ्याचा दाब कमी झाला आणि खर्चही आवाक्यात राहिला. डोंगरांच्या आडोशामुळे शहरी रेडिओ गोंगाटही येथे कमी पोहोचतो.

19 ऑक्टोबर 2016 रोजी युरोपीय अवकाश संस्थेचे 'शियापरेली' हे यान मंगळावर उतरणार होते. उतरणारी याने आपली माहिती बहुधा वर घिरट्या घालणाऱ्या यानाकडे 400 मेगाहर्ट्झच्या आसपास पाठवितात. पृथ्वीवरील नेहमीच्या अंतराळ-संपर्क केंद्रांचे काम मात्र याहून कितीतरी वरच्या कंप्रतेवर चालते. नेमकी हीच कंप्रता खोडदच्या दुर्बिणीच्या टप्प्यात येते. म्हणून 'नासा'च्या सहकार्याने तिच्यावर ही कामगिरी सोपविण्यात आली.

सुमारे साडेसतरा कोटी किलोमीटरवरून अवघ्या काही वॅटचा हा संदेश येण्यास जवळपास दहा मिनिटे लागत होती. त्यातील मजकूर खोडदला वाचता येणे शक्य नव्हते. ऐकू येत होता तो केवळ वाहक तरंग. परंतु डॉप्लर परिणामामुळे या तरंगाची कंप्रता यानाच्या वेगानुसार बदलते, आणि तेवढ्यावरून यान मंदावत असल्याचे जाणता येते. हवाई छत्री उघडली, हेही त्यातून कळले. उतरण्याच्या अपेक्षित क्षणाच्या थोडे आधी मात्र तो स्वर थांबला.

कारण नंतर उघड झाले. छत्री उघडताना बसलेल्या हिसक्यांमुळे यानाचे फिरणे मोजणारे उपकरण सुमारे एक सेकंद कमाल मर्यादेवर अडकले. त्यामुळे संगणकाचे गणित चुकले आणि उंची चक्क शून्याखाली आली! यान जमिनीवर पोहोचल्याच्या समजुतीने संगणकाने छत्री सोडून दिली. सुमारे 30 सेकंद चालावयाची वेगरोधक इंजिने तीनच सेकंद चालली. प्रत्यक्षात यान तेव्हा सुमारे 3.7 किलोमीटर उंचीवर होते. ते कोसळले. सविस्तर नोंदी कक्षेतील 'ट्रेस गॅस ऑर्बिटर' या मातृयानाने जपल्या होत्या व त्यांवरून हे निदान झाले. परंतु काहीतरी बिघडल्याची पहिली चाहूल देणाऱ्यांत खोडदचा समावेश होता.