तीन पत्रं, 498 शब्द

86 टक्के, 38 टक्के, 6 टक्के. शिवजयंतीला किंवा 6 जूनला व्हॉट्सअॅपवर हे आकडे तुम्ही पाहिले असतील. 1628 साली मराठी पत्रात 86 टक्के शब्द फारसी होते, महाराजांच्या काळात 1677 पर्यंत ते 38वर आले, 1728 पर्यंत 6वर. खाली एक भगवा झेंडा आणि 'अभिमान असेल तर शेअर करा'.

आकडे खोटे नाहीत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी जुनी पत्रं समोर ठेवून, एकेक शब्द मोजून ते काढले. 1628च्या पत्रात एकूण शब्द 236, त्यातले फारसी 202. 1677च्या पत्रात 135 पैकी 51. 1728च्या पत्रात 127 पैकी 8. संगणक सोडा, साधं कॅल्क्युलेटरही नसताना हा माणूस दोन काळांची भाषा शब्द मोजून ताडून बघत होता. आज भाषाशास्त्रात याला कॉर्पसची तुलना म्हणतात. त्यावर शोधनिबंध निघतात, सॉफ्टवेअर विकलं जातं. आपल्याकडे हे काम एका हट्टी संशोधकानं बोरू आणि कागदावर केलं होतं.

पण या मोजणीतून नेमकं काय सिद्ध होतं?

गणित काय म्हणतं

पोटापाण्यासाठी मी कोड लिहितो, त्यामुळे पहिल्यांदा हेच करून पाहिलं. 1628 आणि 1677 या दोन पत्रांतला फरक निव्वळ योगायोगानं पडला असेल का, हे तपासायला काय-वर्ग नावाची चाचणी असते. उत्तर 90च्या आसपास येतं. 4च्या पुढे गेलं की लोक 'फरक खरा आहे' म्हणतात. म्हणजे प्रश्न मिटला?

नाही मिटला. ही चाचणी असं धरून चालते की पिशवीतून चिठ्ठ्या काढाव्यात तसे शब्द एकेक करून सुटे येतात. भाषा तशी चालत नाही. एक शब्द आला की त्याचे सोयरे मागोमाग येतात. अॅडम किल्गॅरिफ या ब्रिटिश भाषाशास्त्रज्ञानं आयुष्यभर हेच सांगितलं: भाषेत काहीच यादृच्छिक नसतं, त्यामुळे दोन मजकूर ताडले की फरक 'सिद्ध' होतोच. खरा प्रश्न असतो तो फरक कशामुळे पडला याचा.

जुने शाही कागद पाहा. 'अज रख्तखाने', 'बजानेबू', 'कारकुनानी हाल व इस्तकबाल' असे मायने ठरलेले असत. कारकून ते विचार करून लिहीत नसे, हात आपोआप चाले. आपल्या अर्जावर 'वरील विषयास अनुसरून' येतं तसंच. दोन-अडीचशे शब्दांच्या कागदात अशा मायन्यानं बरीच जागा खाल्ली की टक्केवारी तिथेच वर चढते. तेवढ्यावरून गावातला माणूस घरी काय बोलत होता हे कळत नाही.

एकाच माणसाच्या दोन भाषा

1628 हे साल तुकोबांच्या हयातीतलं. त्यांच्या गाथेत फारसी शब्द आहेत, पण 86 टक्के? गाथेचं कुठलंही पान उघडून मोजा. म्हणजे ज्या काळात दप्तरात फारसीचा पूर होता, त्याच काळात देहूत वेगळी मराठी चालली होती.

त्याहून नेमकं उदाहरण एकनाथांचं. 1573 साली पूर्ण झालेलं एकनाथी भागवत आणि त्यांचंच 'अर्जदस्त' हे रूपक शेजारी ठेवा. अर्जदस्तात नाथांनी सरकारी अर्जाचा घाट मुद्दाम उचलला, आणि त्याबरोबर दरबारी फारसी शब्दही आले. माणूस तोच, शतक तेच, फक्त मजकुराची जात बदलली. जात बदलली की आकडा बदलतो, हे ध्यानात न घेता दोन काळ ताडले तर काळाचा म्हणून जो फरक दिसतो, तो खरं तर मजकुराच्या जातीचा असू शकतो.

आता राज्यव्यवहारकोश. 1674च्या राज्याभिषेकात पदांची नावं बदलली: मुजुमदाराचा अमात्य झाला, सुरनिसाचा सचिव, डबीराचा सुमंत, सरनौबताचा सेनापती. रघुनाथपंत हणमंते यांच्याकडे कोशाचं काम सोपवलं गेलं आणि सुमारे 1,380 दरबारी शब्दांना संस्कृत पर्याय मिळाले. भाषेचं असं ठरवून केलेलं नियोजन त्या काळात विरळाच. महाराजांचं हे धोरण खरं होतं, त्याला कुठल्या टक्केवारीच्या टेकूची गरज नाही.

पण शब्द राजाज्ञेनं येतो, टिकतो मात्र लोकांच्या जिभेवर. पेशवा हा फारसी शब्द, त्याला पर्याय होता पंतप्रधान. पुढच्या शतकाला आपण काय म्हणतो? पेशवाई. 1728 नंतरच्या दप्तरातही मोकासा, सरंजाम, जप्ती, वसूल, फडणीस, चिटणीस हे सगळे ठाण मांडून आहेत. 6 टक्के हा आकडा त्या एका पत्राचा आहे, अख्ख्या पेशवे दप्तराचा नाही.

घरच्या घरी

माझं गाव कुर्डुवाडी. 1897 साली इथून बार्शीला नॅरोगेज सुरू झाली आणि पुढे तीच पंढरपूरला गेली. आमच्याकडे कुठल्याही घरात दोन मजकूर हमखास सापडतात, हरिपाठ आणि सातबारा. सातबाऱ्यावर वर लिहिलेलं असतं 'अधिकार अभिलेख पत्रक'. संस्कृत, शुद्ध, आणि कुणाच्या तोंडात नसलेलं. खाली तालुका, जिल्हा, खातेदार, फेरफार, हक्क. हरिपाठ आणि सातबाऱ्याची शब्दमोजणी करून 'सोलापूर जिल्ह्यात फारसी वाढली' असं कुणी म्हटलं तर आपण हसू.

शिवाय मोजायचं कसं? सातबाऱ्यावरच 'भोगवटादार' असतो. भोगवटा आपला, दार फारसी. त्याला कुठल्या रकान्यात टाकणार? 'हक्क' मुळात अरबी, पण हक्कासाठी मोर्चा काढणाऱ्याला तो परका वाटत नाही. मशीन मोजून देईल, पण रकाने आपणच आखायचे असतात, आणि रकाने आखताना आपण कुणाला आपलं म्हणतो हे ठरून जातं.

कुर्डुवाडीशेजारच्या करमाळ्यात 1930 साली जन्मलेल्या यू. म. पठाणांनी मराठी बखरींतल्या फारसीचा स्वतंत्र अभ्यास केला. संतसाहित्याचा हा अभ्यासक 1990 साली पुण्यात साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला. किती टक्के परकं आणि किती टक्के आपलं, ही भाषा त्यांच्यापुढे तोकडी वाटते.

राजवाड्यांनी 498 शब्द हातानं मोजले. आज मोडीतली कागदपत्रं स्कॅन होताहेत. उद्या ती देवनागरीत उतरली की लाखो शब्द मोजता येतील: पत्रं पत्रांशी, सनदा सनदांशी, अभंग अभंगांशी, एकाच परगण्यातले, दर दहा वर्षांचे. तेव्हा कदाचित घट खरीच निघेल, कदाचित फक्त मायने बदललेले निघतील. दोन्हींत महाराज लहान होत नाहीत. तोवर तो फॉरवर्ड आला तर एवढंच विचारा: कुठलं पत्र, कुणी कुणाला लिहिलेलं?