गोदामांच्या गावाला क्युरेटर कशाला?

संग्रहालयाच्या संचालकाने जुन्या वस्तू जपाव्यात, त्यांवरची धूळ झटकावी, आणि आजच्या कलेचं काय करायचं ते आर्ट गॅलऱ्यांवर सोडावं, हे मत आपल्याकडे इतकं रुळलंय की ते कुणाला वादाचं वाटतच नाही. त्याच्या जोडीला आमच्या भिवंडीत आणखी एक मत ऐकू येतं. प्रदर्शनं, क्युरेटर वगैरे ही दक्षिण मुंबईची हौस. यंत्रमागांच्या आणि गोदामांच्या गावाला आधी रस्ते द्या, पाणी द्या. ही दोन्ही मतं मला चुकीची वाटतात. भायखळ्याच्या राणीच्या बागेतल्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाचा इतिहास नीट वाचला, तर ती टिकत नाहीत.

आधी पूर्वपक्ष. २००३ मध्ये मुंबई महापालिका, वारसा जपणारी इंटॅक ही संस्था आणि जमनालाल बजाज फाउंडेशन यांच्यात करार झाला आणि मोडकळीला आलेल्या या वास्तूचं काम सुरू झालं. इंटॅकच्या वतीने ते तस्नीम झकारिया मेहता यांनी पुढे नेलं. त्याच पुढे संग्रहालयाच्या मानद संचालक झाल्या. संवर्धन वास्तुविशारद होते विकास दिलावरी. २००५ मध्ये युनेस्कोचा आशिया-पॅसिफिक विभागातला सर्वोच्च वारसा पुरस्कार मिळाला आणि २००८ च्या जानेवारीत दारं पुन्हा उघडली. इथवर सगळे खूश. पण नंतर मेहतांनी सुदर्शन शेट्टी, जितीश कल्लाट, अतुल दोडिया अशा आजच्या चित्रकार-शिल्पकारांना त्याच वास्तूत बोलावलं, जुन्या कपाटांशी बोलेल असं काम करा म्हणून सांगितलं. आक्षेप असा की लोकांच्या मालकीचा वारसा जपण्यासाठी नेमलेल्या संचालकाने तो मूठभर रसिकांच्या प्रयोगांसाठी का वापरावा? राणीच्या बागेत मुलाबाळांना घेऊन येणाऱ्या माणसाला त्यातलं काय कळणार?

या आक्षेपाचा पाया असा की हे संग्रहालय मुळात जुन्या वस्तूंसाठी उभं राहिलं. तसं ते उभं राहिलेलं नाही. १८५१ च्या लंडनच्या महाप्रदर्शनानंतर आणि १८५५ च्या पॅरिस प्रदर्शनासाठी मुंबईत जो माल गोळा झाला, त्यातून या संग्रहाची कल्पना निघाली. म्हणजे त्या घडीला इथले कारागीर जे घडवत होते तेच तिथे मांडायचं होतं: भांडी, विणकाम, लाकूडकाम, मातीच्या प्रतिकृती. आज आपण ज्याला वारसा म्हणतो तो कपाटात ठेवला गेला तेव्हा ताजा होता. ‘फक्त जुनंच ठेवा’ हा नियम त्या काळी लावला असता, तर आज जपण्यासारखं तिथे फारसं काही उरलंच नसतं. मेहतांनी मूळ हेतू मोडला नाही; मधल्या काळात तो सुटला होता, तो त्यांनी परत धरला.

दुसरा मुद्दा मला अधिक महत्त्वाचा वाटतो. या संग्रहाचा सुरुवातीचा क्युरेटर जॉर्ज बर्डवुड. पेशाने डॉक्टर, हिंदुस्थानच्या हस्तकलांचा मोठा जाणकार. १८८० मध्ये त्याने त्यांवर ग्रंथ लिहिला. पण याच बर्डवुडने १९१० मध्ये लंडनच्या एका सभेत बुद्धमूर्तीची तुलना चरबी घालून उकडलेल्या पुडिंगशी केली आणि हिंदुस्थानात ललितकला आहे हेच नाकारलं. विणकराचा हात त्याला थोर वाटे, पण त्या हातामागे कलावंताचं मन असतं हे त्याला मान्य नव्हतं. आता संग्रहालयाच्या वरच्या मजल्यावरच्या मातीच्या बाहुल्यांपुढे उभं राहा. पगडीवरून जात, हत्यारावरून धंदा. माणसाची ओळख तेवढीच. नाव कुणालाच नाही. ही मांडणी जशीच्या तशी राखणं म्हणजे ती दृष्टीही राखणं. तिला प्रश्न विचारायला आजचा कलावंत लागतो. २०१३ मध्ये रीना कल्लाट यांनी याच वास्तूच्या दर्शनी भिंतीवर कोळ्याचं अवाढव्य जाळं चढवलं. ते जाळं मोठमोठ्या रबरी शिक्क्यांचं होतं, आणि शिक्क्यांवर मुंबईच्या रस्त्यांची बदललेली, इंग्रजी अमलातली नावं होती. सरकारी शिक्का कुणी आयुष्यात पाहिला नाही? राणीच्या बागेत आलेल्या माणसाला काय कळणार, या प्रश्नाचं उत्तर त्या भिंतीवर होतं. कलेच्या भाषेत लिहिलेली दुर्बोध माहितीपत्रकं वाचकाला दूर लोटतात, ही तक्रार मात्र रास्त आहे. पण तो दोष लिहिण्यातला आहे, मूळ कल्पनेतला नाही.

आता भिवंडी. भायखळा-लालबागच्या गिरण्या १९८२ च्या संपानंतर एकेक करून थंडावल्या आणि कापडाचं बरंच काम आमच्याकडच्या पत्र्याच्या शेडमध्ये आलं. त्या शेडमध्ये एकदा उभं राहून पाहावं. एकच कामगार सहा-आठ माग सांभाळतो. खडखडाटात बोललेलं ऐकू येत नाही, तरी कुठल्या मागाचा ठेका बिघडला हे त्याला पाठमोऱ्यानेही कळतं. धोट्यातली सुताची कांडी संपत आली की माग थांबवायचा, धोटा काढायचा, भरलेल्या कांडीचा धोटा सारायचा आणि दांडा ओढायचा; हे सगळं काही क्षणांत. बारा तासांच्या पाळीत तो हे किती वेळा करतो याची गणती कुणी ठेवत नाही. हे कसब बर्डवुडने कपाटात ठेवलेल्या कुठल्याही वस्तूइतकंच मोलाचं आहे, आणि ते आज मोडीत निघतंय. साधे माग भंगाराच्या भावाने जातात, त्यांच्या जागी बिनधोट्याचे वेगवान माग येतात किंवा थेट गोदाम उभं राहतं. मोमीन विणकरांची घरं, तेलुगू कामगारांच्या चाळी, कोकणी मुसलमानांची जुनी वस्ती, आगऱ्यांची गावं, आणि १९७० व १९८४ च्या दंगलींनी या सगळ्यांवर उठवलेले वळ, हे एकत्र मांडून दाखवणारी एकही जागा आमच्या शहरात नाही. आधी रस्ते द्या म्हणणाऱ्यांशी माझं भांडण नाही. पण रस्ता दहा वर्षांनीही करता येईल. भंगारात वितळलेला माग आणि तो चालवणाऱ्याची आठवण दहा वर्षांनी मिळणार नाही.

यावर आमच्याकडे लगेच इमारतीची चर्चा सुरू होते: जागा कुठली, निधी कुणाचा, उद्घाटन कुणाच्या हस्ते. भायखळ्याचा क्रम उलटा होता. संग्रह आधी बराकींमध्ये होता; १८५७ च्या उठावात लष्कराने त्या ताब्यात घेतल्या तेव्हा तो अक्षरशः बाहेर फेकला गेला. बर्डवुडने तो पुन्हा जमवायला घेतला. भाऊ दाजी आणि जगन्नाथ शंकरशेट यांनी वर्गणीसाठी शहर पालथं घातलं. इमारत लोकांसाठी उघडली ती १८७२ मध्ये. आणि पुढच्या शतकात तीच देखणी इमारत, जाणत्या माणसाचा हात तिच्यावरून निघाल्यावर, गळून-पोपडून गेली.

म्हणून भिवंडी-निजामपूर महापालिकेकडे माझी मागणी इमारतीची नाही, एका पदाची आहे. मागांची, कापडाची आणि कामगारांची भाषा शिकायला तयार असलेला एक प्रशिक्षित क्युरेटर नेमा. भाऊ दाजी लाड संग्रहालयानेच आधुनिक आणि समकालीन कलेचा इतिहास व क्युरेटरचं काम शिकवणारा पदव्युत्तर पदविका अभ्यासक्रम चालवला आहे. तेव्हा माणूस मिळत नाही ही सबब चालणार नाही. त्याला एक गोदाम भाड्याने घेऊन द्या आणि पहिल्या वर्षी भंगारवाल्याच्या आधी मागापर्यंत पोचायचं काम सांगा.