तळघरात डोळे बांधून, हातात पहार घेऊन बसलेला कलाकार

लिफ्टमध्ये जागा असूनही कुणी खेटून उभं राहिलं की आपण नकळत सरकतो. न्यूयॉर्कच्या व्हिटो अकॉन्चीने या न दिसणाऱ्या हद्दीलाच कलेचा विषय केलं. तो मुळात कवी.

१९६९ च्या ऑक्टोबरमध्ये त्याने एक नियम ठरवला. रस्त्यावरचा कुणीही माणूस निवडायचा आणि त्याच्या मागे चालत राहायचं. तो घरात किंवा ऑफिसात शिरला की थांबायचं. कधी काही मिनिटं, कधी कित्येक तास. आपल्या मागावर कुणी आहे हे त्या लोकांना ठाऊकच नव्हतं. हे काम ‘फॉलोइंग पीस’ म्हणून गाजलं. आज कुणी असं केलं तर पोलिसात तक्रार होईल, आणि व्हायलाच हवी.

पुढच्या वर्षी ज्युइश म्युझियममध्ये प्रदर्शन बघणाऱ्यांच्या अगदी जवळ जाऊन तो उभा राहायचा, समोरचा सरकेपर्यंत.

आणि मग १९७१ चं ‘क्लेम’, म्हणजे हक्क सांगणं. ग्रँड स्ट्रीटवरच्या एका इमारतीचं तळघर. जिन्याच्या पायथ्याशी अकॉन्ची बसलेला, डोळ्यांवर पट्टी, हाताशी लोखंडी पाइप आणि पहार. मला इथे एकटंच राहायचंय, कुणाला खाली येऊ देणार नाही, असं तो तीन तास घोकत होता. घोकून घोकून ते स्वतःलाच खरं वाटावं, हा बेत. वर दाराशी टीव्ही होता, त्यावर खालचं सगळं दिसायचं. उतरायचं की नाही ते बघणाऱ्याने ठरवायचं. मार बसण्याची शक्यता खरी होती, पण निदान इशारा दारातच मिळत होता. ‘फॉलोइंग पीस’मध्ये तोही नव्हता.

१९७७ मध्ये इटलीतल्या बोलोन्यात मरिना अब्रामोविच आणि उलाय यांनी आपलीच हद्द पणाला लावली. संग्रहालयाच्या अरुंद दारात दोघं विवस्त्र, समोरासमोर उभे. आत जायचं तर मधून, अंग चोरून, तोंड कुणाकडे करायचं ते ठरवून. पोलिसांनी ते बंद पाडलं. २०१० मध्ये न्यूयॉर्कच्या मोमा संग्रहालयात इतर कलाकारांनी तेच काम केलं, तेव्हा आत जायला दुसरी वाटही होती. तरी काही प्रेक्षकांनी कलाकारांना नको तिथे हात लावला. त्यांना बाहेर काढावं लागलं.

अकॉन्ची पुढे वास्तुरचनेकडे वळला. ऑस्ट्रियातल्या ग्राझ शहरात, मुर नदीवर त्याच्या स्टुडिओने रचलेलं तरंगतं बेट २००३ पासून आहे. तिथे कॅफे आहे, मुलांना खेळायला जागा आहे, आणि कुणीही यावं-जावं.